लिंबायतची तिसरी चूल

अमळनेरच्या फलाटावर त्या दिवशी सकाळी जी बाई उभी होती, ती तुम्ही पाहायला हवी होती. वय एक्केचाळीस, खळ घातलेली सुती साडी, मनगटावर नवऱ्याचं घड्याळ, हातात चामड्याची वाटावी अशी रेक्झिनची बॅग. बॅगेत दोन साड्या, दशम्या, लसणाची चटणी आणि सगळ्यांत वर, हात घातला की पहिल्यांदा लागेल अशी, सुरतेच्या कोर्टाची नोटीस. ती बाई म्हणजे मी. नातवंडं हल्ली जुने फोटो काढून विचारतात, "आजी, तू अशी ताठ का उभी राहायचीस?" त्यांना काय सांगू? मला वाटायचं, जग माझीच वाट बघत थांबलंय.

नव्वदीच्या दशकातली ही गोष्ट. सुरतेला माझे दोन भाऊ. थोरला आप्पा, धाकटा नाना, मधली मी. आमचे बाबा तरुणपणी अमळनेरजवळच्या खेड्यातून सुरतेला लूमवर (यंत्रमागावर) कामाला गेले. लिंबायतमध्ये एक तुकडा जागा घेतली, त्यावर एक खोली बांधली, मग खोलीपुढे पत्र्याची शेड, शेडमध्ये चार लूम, मग आणखी एक खोली, मग वर माडी. बाबा गेल्यावर भावांनी काही वर्षं लूम मिळून चालवले आणि नंतर मिळून भांडले. नानाने वाटणीचा दावा लावला. तो वादी. आप्पा प्रतिवादी क्रमांक एक. आमची माय क्रमांक दोन. आणि क्रमांक तीन मी.

नोटीस आली त्या दिवशी माणसाने खरं तर डोक्याला हात लावायचा. मी ती शिवणक्लासच्या मुलींना वाचून दाखवली. माझं नाव टाइप केलेलं मी तोवर फक्त लग्नपत्रिकेत पाहिलं होतं, तेही छापखान्याने चुकवलेलं. आमचे हे म्हणाले, "अगं, प्रतिवादी म्हणजे आरोपीची चुलत बहीण. एवढी खूश काय होतेस?" मी त्यांना दोन दिवस पोळ्या गार वाढल्या.

तर कोर्टाने हुकूम केला होता की कमिशनर म्हणजे कोर्टाने नेमलेला एक वकील अमुक रविवारी घर पाहायला येईल. तो मोजमाप घेईल, कुठे काय आहे ते पंचनाम्यात लिहील आणि घराची सरसनिरस (चांगला-वाईट भाग तोलून) वाटणी होऊ शकते का ते कोर्टाला कळवील. सगळ्यांनी हजर राहावं.

मी जे ठरवून निघाले होते ते आधीच सांगून टाकते. मी माझा हिस्सा सोडून देणार होते. नानाने पत्रात लिहिलं होतं, "ताई, हक्कसोडीवर सही कर, तुझं माहेर कायम राहील." त्याच आठवड्यात आप्पाच्या बायकोचं, लीलावहिनीचं पत्र आलं. मजकूर तोच, वर एका जरीच्या साडीचं आमिष. सही कोणाच्या बाजूने करायची ते माझं ठरलं नव्हतं, पण भाषण ठरलं होतं. "मला विटा नकोत, मला फक्त उंबरा हवा," अशी त्याची सुरुवात होती. नंदुरबार येईपर्यंत खिडकीशी तोंड करून मी ते घोकत होते. समोरच्या शेतकरीदादांनी शेवटी विचारलं, "बाई, कोन्या पार्टीकडून उभ्या?"

नवापूरला गाडी बराच वेळ थांबली. हे स्टेशन मोठं मजेशीर आहे. तिकिटाची खिडकी महाराष्ट्रात, स्टेशनमास्तर गुजरातेत, आणि दोन्ही राज्यांची हद्द फलाटावरून जाते. मी महाराष्ट्रातून भजी घेतली आणि चार पावलं चालून गुजरातेत खाल्ली. भज्यांना फरक पडला नाही. कुत्रं तर दोन्ही राज्यांत एकदम झोपलं होतं, शेपूट इकडे, डोकं तिकडे. आजची मी असते तर त्या कुत्र्याकडून काही शिकले असते. तेव्हाची मी भाषणाचा दुसरा परिच्छेद घोकत होते.

पुढे व्यारा, बारडोली, उसाची शेतं, गुऱ्हाळांचा धूर, आणि दुपारी उधना. नाना न्यायला येतो म्हणाला होता. मी कळवलं होतं, "मी काही लहान नाही. घर मला माहीत आहे." घर मी आठ वर्षांपूर्वी पाहिलेलं. रिक्षावाल्याला सांगितलं, "लिंबायत, निळा दरवाजा." आम्ही साड्यांच्या गठ्ठ्यांनी भरलेले टेम्पो चुकवत तीन गल्ल्या फिरलो. प्रत्येक घरातून लूमचा खटाक्-पटाक्, खटाक्-पटाक्. त्या आवाजात माणूस स्वतःचा विचारसुद्धा मोठ्याने करतो. शेवटी एका निळ्या दरवाजासमोर उतरून मी थेट आत गेले, बॅग ठेवली, आणि "माय!" म्हणून हाक मारली. आतून एक अनोळखी बाई हात पुसत आली. विदर्भाकडची होती.

"कोनाच्या इथं जाचं हाय जी तुमाले?"

"माझ्या भावाकडे. निळा दरवाजा."

"बाई, या गल्लीत समदेच दरवाजे निळे हायत. एकाच डब्यातला रंग हाय." तिने पाणी दिलं, चहा ठेवते म्हणाली, आणि मग दारात उभं राहून नुसत्या बोटाने दाखवलं, "ते दोन भाऊ भांडतात ते घर ना? मंग असं सांगायचं."

त्या घरापुढे नाना उभा होता. आप्पाही उभा होता. मध्ये सात-आठ पावलांचं अंतर. दोघांनी एकदम बॅगेला हात घातला. कोणाकडे चहा घ्यायचा हा प्रश्न मी दोन्हीकडे घेऊन सोडवला, आणि मग मागच्या खोलीत मायकडे गेले.

ही मागची खोली म्हणजे बाबांनी अगदी पहिल्यांदा बांधलेली. सात फूट रुंद, नऊ लांब, मागच्या बोळात उघडणारं स्वतःचं दार, कोपऱ्यात मातीची चूल, भिंतीला बाबांचा फोटो आणि खाली मायचा पत्र्याचा पेटारा. बाकी घर त्या खोलीभोवती वाढलं, जसं पोट माणसाभोवती वाढतं तसं. माय लसूण सोलत बसली होती. तीस वर्षं गुजरातेत राहून ती अजून घरी अहिराणीच बोलायची. वर न बघता म्हणाली, "उनी का वो इमल? मी बलावस तवय येस नही, कोर्टनी बलावं ते उनी." (आलीस का? मी बोलावते तेव्हा येत नाहीस, कोर्टाने बोलावलं तर आलीस.)

मी म्हटलं, "माय, मी इथे न्याय करायला आले आहे."

मायने लसणीची टोपली माझ्यापुढे सरकवली. "मंग हाई सोल."

दुसऱ्या दिवशी, शनिवारी, दोन्ही भावांनी माझा पाहुणचार वाटून घेतला. नानाने मला तापीकाठी पोंक (कोवळ्या ज्वारीचा हुरडा) खायला नेलं. सुरतेत हिवाळ्यात पोंकाचे तंबू लागतात. गरम हिरवे दाणे, त्यावर लिंबू-मिऱ्याची शेव, हातात ताकाचा ग्लास. मी म्हणाले, "आपल्याकडचा हुरडा याहून गोड." आणि दुसरी प्लेट मागितली. खाता खाता नानाने खिशातून त्याने काढवलेला नकाशा दाखवला. दुपारी आप्पाने कापड बाजारात नेलं, लीलावहिनीने ती जरीची साडी घेतली, आणि घारी (खवा-तुपाची मिठाई) खाता खाता आप्पानेही आपला नकाशा उलगडला. दोन्ही नकाशे मी नीट पाहिले. म्हणजे काय पाहिलं? रेघा सरळ आहेत का, आणि माझ्या नावात "विमल"चा वि ऱ्हस्व आहे का. याहून जास्त पाहायची त्या बाईला गरज वाटली नाही.

संध्याकाळी घरी आलो तर घरात स्टोव्हची धावपळ चाललेली. आता ही भानगड नीट समजून घ्या, कारण सगळं प्रकरण यावर उभं होतं. आप्पाचं कोर्टात म्हणणं असं, की आमची वाटणी तोंडी झाली त्याला कितीतरी वर्षं लोटली, तेव्हाच लूमची शेड मला मिळाली. पुरावा काय? तर आमच्या चुली वेगळ्या आहेत. नानाचं म्हणणं, वाटणी कधी झालीच नाही, घर एकत्र, चूल एक, म्हणून शेडसकट सगळ्याचे हिस्से आता पाडा. एक चूल म्हणजे एक कुटुंब, दोन चुली म्हणजे वेगळे झाले, असं कोर्टातही बघतात आणि आपल्या लोकांतही. आणि खरं काय होतं? लीलावहिनी आणि नानाची शोभा यांचं पटलं की चूल एक व्हायची, बिनसलं की दोन. पावसाळ्यात बहुतेक दोन.

तर उद्या कमिशनर येणार म्हणून आप्पाच्या बाजूने लीलावहिनी एक स्टोव्ह, चार भांडी, मिठाचा डबा असा संसार शेडमध्ये लूमच्या शेजारी मांडत होती. आणि नानाच्या बाजूने शोभा तिचा गॅस नाहीसा करत होती. सिलिंडरला तिने जुनं लुगडं नेसवलं आणि शेजारणीच्या घरी कोपऱ्यात बसवलं. लांबून बघितलं तर कोणाची तरी सासू रुसून भिंतीकडे तोंड करून बसलीय असं वाटे.

"ताई, तू काही बघितलं नाहीस," शोभा म्हणाली.

"मी तटस्थ आहे," मी म्हणाले, आणि सिलिंडरचा पदर नीट केला.

रविवारी दहा वाजता कमिशनर आले. जरीवालासाहेब. मला वाटलं होतं काळा कोट, पिकलेल्या मिशा. उतरला तो सव्वीस-सत्तावीस वर्षांचा काडीसारखा वकील, हातात फायली, गळ्यात पाण्याची बाटली, खांद्याला स्वतःचा डबा. त्याचं हे पहिलंच कमिशन होतं. कोणत्याही पक्षाकडचा चहासुद्धा घ्यायचा नाही असं त्याच्या सीनियरने बजावलेलं. आप्पाकडून लोचो (वाफवलेल्या चणाडाळीचा मऊ पदार्थ) पुढे आला, नानाकडून जिलबी-फाफडा. त्याने दोन्हीकडे हात जोडले. "नहीं, नहीं. कोर्टनो माणस छुं." (कोर्टाचा माणूस आहे.)

पंचनाम्याला दोन पंच लागतात. गल्लीतल्या सगळ्यांनी आतून कड्या लावून घेतल्या, कारण दोन्ही भाऊ त्यांचेच. शेवटी कोपऱ्यावरचा पानवाला एक पंच झाला, आणि दुसरा पंच म्हणून कमिशनरने आपण आलो ती रिक्षा चालवणाऱ्यालाच धरलं. पंचाला खाऊ नको असं कोणी सांगितलेलं नसल्यामुळे त्याने लोचोही खाल्ला आणि जिलबीही.

"पेला मशीन बंध करावो!" (आधी मशीन बंद करा!) कमिशनर ओरडला. चारही लूम बंद झाले. आणि मग एक विचित्र शांतता पसरली. त्या घरात सगळे वर्षानुवर्षं ओरडून बोलत आलेले. आप्पा सवयीने बोंबलला, "साहेब, ही शेड माझी!" तो आवाज बोळाच्या टोकाला आपटून परत आला आणि आप्पा स्वतःच दचकला. मला वाटलं, भाषणाला हीच वेळ. मी घसा साफ केला. "मला विटा नकोत..."

"बेन, आ पकडो," म्हणत कमिशनरने माझ्या हातात टेपचं टोक दिलं.

त्याचं काय झालं, टेप कोणी धरायची यावर वाद होता. नानाने धरली तर आप्पाला शंका, आप्पाने धरली तर नानाला. मग दोघं म्हणाले, ताईने धरावी, तिने मोजावं, ती शिवणक्लासवाली आहे, तिला टेपची सवय. त्या बाईची छाती काय फुगली म्हणता! मी पदर खोचला. शेड मोजली, आप्पाची खोली मोजली, मधला चौक मोजला, नानाचा जिन्याखालचा भाग मोजला. मी भिंतीशी वाकायचे, आकडा मोठ्याने सांगायचे, कमिशनर लिहायचा. मागच्या खोलीशी आलो तर दार आतून बंद.

"आ शुं छे?" कमिशनरने विचारलं.

"गोडाऊन," आप्पा म्हणाला.

"तिथे जिना काढायचाय," नाना म्हणाला.

कमिशनरने दोन्ही नकाशे पाहिले. एकात खरंच "गोडाऊन" लिहिलं होतं, दुसऱ्यात "जिना". माप दोन्हीत तेच, सात बाय नऊ. त्याने ते तसंच उतरवून घेतलं आणि पुढे सरकला. आणि मी? त्या दाराच्या आत रात्री मायशेजारी झोपलेली मी, टेप गुंडाळत त्याच्यामागे गेले. माय आत रुसून बसली असेल, नंतर बघू, असं मनात म्हटलं. या एका क्षणासाठी त्या बाईची चेष्टा करायलाही मला अजून धीर होत नाही.

मग कमिशनरने रिक्षावाल्याला घेऊन घर बाहेरून मोजलं आणि ओट्यावर बेरीज करायला बसला. एकदा केली. दुसऱ्यांदा केली. चष्मा पुसून तिसऱ्यांदा केली. मग त्याच्या तोंडातून एक सुरती शिवी बाहेर आली आणि लगेच खोकून त्याने ती परत गिळली. (सुरतेत शिवी स्वल्पविरामासारखी वापरतात, रागच असतो असं नाही.)

"माप बराबर नथी. ओरडा घरथी मोटा छे!"

घरापेक्षा आतल्या खोल्या मोठ्या भरत होत्या. चांगल्या आठ इंचांनी! घरात घर मावत नव्हतं. आप्पाने तत्काळ जाहीर केलं की नानाने भिंत सरकवली. नानाने जाहीर केलं की आप्पाने. इतका वेळ कडी लावून बसलेला शेजारी टुणकन बाहेर आला आणि म्हणाला, "म्हणजे माझ्या भिंतीत आठ इंच घुसलात काय?" रिक्षावाल्याने पंच या नात्याने मत दिलं की खोल्या हिवाळ्यात फुगत असतील. मी तोंड गंभीर ठेवून म्हणाले, "मापात चूक शक्य नाही. मी स्वतः मोजलंय."

"एकच ओरडो बाकी छे," कमिशनर म्हणाला. न मोजलेली ती एकच खोली होती, तेव्हा चूक तिच्यातच असणार. "ए खोलावो." (ती उघडायला लावा.)

"गोडाऊन आहे साहेब, धूळ असेल," आप्पा म्हणाला.

"जिना आहे, म्हणजे होणार आहे," नाना म्हणाला.

कमिशनरने कडी वाजवली. दार उघडलं, आणि आतून धूर, तिळाच्या तेलाची फोडणी आणि भाजलेल्या वांग्याचा असा वास आला की सगळी कोर्टकचेरी दारातच थबकली. दुपारचे दोन वाजलेले. गोडाऊनमध्ये, जिन्याच्या तिसऱ्या पायरीच्या जागी, माझी माय चुलीपुढे बसून कळण्याच्या (उडीद-ज्वारीच्या) भाकरी थापत होती.

कमिशनरने नकाशे पाहिले. मायकडे पाहिलं. पुन्हा नकाशे पाहिले.

"बा, आ ओरडामां कोण रहे छे?"

मायला गुजराती सगळं कळायचं. ती म्हणाली, "मी ऱ्हास. तीस वरिस व्हयनात."

"अने आ चूलो कोनो?"

"मनी." (माझी.) भाकरी उलटली. "हाऊ आप्पा म्हने दोन चुली, हाऊ नाना म्हने एक. माले कोनी इचारं का?" (मला कोणी विचारलं का?)

आणि तेव्हा, त्या सात बाय नऊच्या धुरात, मला ते दोन नकाशे पहिल्यांदा दिसले. पोंक खाताना पाहिलेला, घारी खाताना पाहिलेला. रेघा अगदी सरळ होत्या. दोन्हींत मायचं नाव प्रतिवादी म्हणून होतं, आणि दोन्हींत माय राहायला कुठेच नव्हती. मी सही केली की माझा हिस्सा एकाकडे जाणार, त्याचं पारडं जड होणार, तो म्हणेल ती रेघ पडणार. आणि कोणाचीही रेघ पडली तरी ही खोली पाडली जाणार. मग माय महिनाभर इकडे, महिनाभर तिकडे, पिशवी घेऊन.

मी काहीतरी करायचं म्हणून टेप धरली आणि खोली मोजायला लागले. भिंतीशी वाकले, आकडा वाचला. "सात फूट दोन इंच."

मायने चुलीपासून मान वळवून टेपकडे बघितलं. मग माझ्याकडे. "इमल, झंपर शिवस का काय तू?" (पोलकं शिवतेस का?)

अठरा वर्षं मी शिवणक्लास चालवला. माप घेताना बाईच्या अंगाला टेप लावायची, आणि आकडा सांगताना दोन इंच वाढवून सांगायचा, शिवणीत दाबायला. मुलींना मी छडी घेऊन शिकवलेलं: दाब सोडल्याशिवाय माप तोंडातून काढू नका. आणि सकाळपासून मी त्या आख्ख्या घराला प्रत्येक खोलीमागे दोन-दोन इंच दाब सोडत आले होते! शेडला, चौकाला, आप्पाच्या खोलीला. घर उसवलं तर सैल करता यावं म्हणून जणू.

कमिशनरला हे सांगायला मला तीनदा सुरुवात करावी लागली. कळलं तेव्हा तो चौकात बसला आणि हसायला लागला. मग त्याच्या लक्षात आलं की कोर्टाचा माणूस हसत नाही, आणि तो बाटलीतलं पाणी प्यायला. त्याचा डबा रिक्षात होता. म्हणजे डबा होता. आतले थेपले पंचाने संपवले होते.

मी म्हटलं, "साहेब, लिहा. माझा हिस्सा मी कोणालाही सोडत नाही. माझा आणि मायचा हिस्सा एकाला एक लागून द्या, आणि त्यात ही खोली धरा."

तो म्हणाला, "बेन, तमारी इच्छा मारे नथी लखवानी. जे देखाय ए लखवानुं." (तुमची इच्छा मी लिहायची नसते. जे दिसेल ते लिहायचं.)

मी उभीच राहिले.

मायने ताट काढलं. भाकरी, त्यावर भरीत, बाजूला कांदा, मिरचीचा ठेचा. "बठ," ती मला म्हणाली. "खाय ले."

मी बसले.

आधी नानाच्या लक्षात आलं, की ज्या चुलीवर मी जेवेन त्याच कुटुंबात मी धरली जाईन. तो ओरडला, "ताई, जेवू नको!"

मग आप्पाच्या. "विमल! जेवू नको तिथे! विमल, माझ्याकडे जेव!"

"ताई, माडीवर माझ्याकडे चल, श्रीखंड आहे!"

लूम बंद होते, त्यामुळे गल्लीतल्या प्रत्येक निळ्या दरवाजापर्यंत ते गेलं. माहेरी आलेल्या बहिणीला दोन भाऊ बेंबीच्या देठापासून ओरडून सांगत होते, जेवू नको. विदर्भाकडची ती बाईसुद्धा बोळात येऊन उभी राहिली. कमिशनरचं पेन कागदावर अधांतरी होतं आणि त्याची नजर माझ्या हातावर. बिचारा भुकेलाही होता. मी भाकरीचा तुकडा मोडला, भरीत उचललं आणि खाल्लं. तिखट इतकं होतं की डोळ्यांतून पाणी आलं. लोकांना वाटलं मी रडले.

पेन खाली आलं. त्याने गुजरातीत लिहिलं आणि वाचून दाखवलं. पाठीमागे नऊ बाय सातची राहती खोली आढळली. तिच्यात तिसरी चूल पेटलेली आढळली. प्रतिवादी क्रमांक दोन स्वयंपाक करताना आणि प्रतिवादी क्रमांक तीन जेवताना आढळल्या.

पंचनाम्यावर दोन्ही भाऊ सही करायला तयार होईनात. त्या दिवशी त्यांचं एकमत झालेली ही तिसरी गोष्ट. शेवटी रिक्षावाल्याने सांगितलं की मी सकाळपासून थांबलोय आणि भाडं सही न करणाऱ्याकडून घेणार आहे. तेव्हा दोघांनी एकदम पेन मागितलं. सगळी मापं फिरून घेतली, या वेळी पानवाल्याने. खोल्या घरात मावल्या.

सोमवारी सकाळी मला उधन्याला सोडायला कोणी आलं नाही. मी एकटीच रिक्षा केली. जरीची साडी लीलावहिनीने परत मागितली नाही, मी ती मायच्या पेटाऱ्यावर ठेवून आले. गाडीत भाषण आठवायचा प्रयत्न केला, पहिल्या ओळीपुढे जाईना. सुरत कशी आहे, हे घरी विचारलं तेव्हा मी सांगितलं, पोंक चांगला मिळतो. बाकी काय सांगणार? न्याय करायला गेले आणि जेवून आले. पण माणूस प्रवासाला जातो तो काही बघायला, आणि मी आठ वर्षांनी एकदाची मायची खोली बघून आले, एवढं मात्र खरं.

भाऊ दोन वर्षं बोलले नाहीत. राखी टपालाने जायची, पोच यायची नाही. निकाल लागायला त्याहून अधिक वेळ लागला, पण लागला तो कमिशनरच्या त्या कागदावर. शेडचे दोन भाग दोघांना, आणि मागची खोली लगतच्या पट्ट्यासकट मायच्या आणि माझ्या हिश्शात. आप्पाच्या वकिलाने तिसऱ्या चुलीवर बरीच हरकत घेतली म्हणे. पण जे दिसलं ते लिहिलेलं होतं.

बातमी कळली तशी मी एसटीडी बूथवर धावले. मायच्या शेजारच्या किराणावाल्याकडे फोन होता, त्याने तिला बोलावून आणलं. मी आनंदाने ओरडून सांगितलं, "माय, खोली तुझी झाली! कोर्टाने दिली! आता तुला कोणी हलवू शकत नाही!"

पलीकडे लूमचा आवाज. मग माय. "कोर्टनी दिनी का खोली?"

"हो, हो!"

"मंग कोर्टले सांग, पत्रा गळस." (मग कोर्टाला सांग, पत्रा गळतो.)

आणि फोन ठेवला. मी पैसे दिले, आणि बूथवाल्याकडे एक कोरा कागद मागितला.